फिर्यादीही धनी, न्यायाधीशही धनी!

नीरेच्या डाव्या कालव्याने बारामती-इंदापूरच्या शिवारात पाणी आणले, पाण्याने ऊस आणला, उसाने कारखाने आणले. आणि बापजाद्यांच्या तुकड्यावर चार भावांचे भागेना, तेव्हा कुणब्या-माळ्याची, धनगराची, लोहार-सुताराची पोरे त्याच कारखान्यांच्या दारात चाकरीस उभी राहिली. वालचंदनगर, माळेगाव, सोमेश्वर, भवानीनगर, बिजवडी, शहाजीनगर ही नावे घरोघर ठाऊक आहेत. मागाहून बारामतीची व लोणी देवकरची औद्योगिक वसाहत झाली. लोहाराचा मुलगा फिटर झाला, सुताराचा वेल्डर झाला, कुणब्याचा वजनकाट्यावर कारकून झाला. पगाराच्या पैशावर ज्याची चूल मुळीच अवलंबून नाही, असे घर या दोन तालुक्यांत आता शोधावे लागेल. तेव्हा चाकरीवरून माणूस काढतात कसा, आणि काढल्यावर कोर्ट त्याच्या पदरात काय घालते, हा विषय काळ्या कोटवाल्यांचा नव्हे, आपला आहे. त्यावर चार परखड शब्द लिहिणे आम्हांस प्राप्त झाले आहे.

प्रथम माणूस काढण्याची रीत पाहू. याने गुन्हा केला, असे धनी म्हणतो. आरोपपत्र धनीच लिहितो. निलंबनाचा हुकूम धनीच काढतो. चौकशी अधिकारी धनीच नेमतो व त्याची फीही धनीच देतो. साक्षीदार कोण? धन्याच्या हाताखालचे मुकादम, सुपरवायझर व पहारेकरी, ज्यांची भाकरी त्याच हातात आहे. कागदपत्र कोणाच्या कपाटात? धन्याच्या. चौकशी अधिकारी ‘आरोप सिद्ध’ असे लिहून देतो, आणि शेवटी बडतर्फीच्या हुकुमावर सही करतो तोही धनीच! गावच्या पाटलाने आपल्याच बांधाचा तंटा आपणच ऐकून आपल्याच बाजूने निवाडा दिला, तर पारावरची पोरेटोरेसुद्धा हसतील. परंतु कारखान्याच्या फाटकाआत तोच प्रकार घडला की त्यास ‘खातेनिहाय चौकशी’ असे भारदस्त नाव मिळते.

जुन्या लोकांस हा प्रकार नवा वाटू नये. एके काळी गावचे दप्तर कुळकर्ण्याच्या घरी असे. शेत कोणाचे, देणे किती, अंगठा कोणाचा, हे सारे तो लिहील तेच खरे. शाहू छत्रपतींनी १९१८ साली कोल्हापूर संस्थानात कुळकर्णी वतने बंद करून पगारी तलाठी नेमले ते काय उगाच? लेखणी, दप्तर व स्वार्थ ही तिन्ही एका घरात राहिली म्हणजे अडाणी माणसाचा घात होतो, हे त्या राजाने ओळखले होते. आज ते वतन राहिले नाही. सहकारी कारखान्याच्या खुर्च्यांवर बसलेले संचालक आपल्याच भाऊबंदांतले व आपल्याच मतांनी निवडलेले आहेत. परंतु लेखणी, दप्तर व स्वार्थ एकाच टेबलावर ठेवण्याची खोड मात्र मोडलेली नाही. परक्याने केला तर जुलूम आणि आपल्याने केला तर शिस्त, असा दुटप्पी न्याय सत्यशोधकांच्या लेकरांनी तरी सांगू नये.

यावर कोणी म्हणेल, मग कोर्टे कशाला आहेत? प्रश्न रास्त आहे. आमच्या लोकांची समजूत अशी की, एकदा कोर्टाची पायरी चढली म्हणजे सारा खटला मुळापासून उभा राहील, न्यायाधीश साक्षीदारांस पुढे बोलावून खरेखोटे करील. ही समजूत फसवी आहे. कोर्ट प्रथम पाहते ते चौकशीचे बाड. १९५८ साली इंडियन आयर्न अँड स्टील कंपनीच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगून ठेवले की, धन्याच्या शिक्षेत हात घालण्यास चार कारणे लागतात: धन्याचा हेतू शुद्ध नसणे, कामगारावर सूड उगविणे किंवा अनुचित प्रथा अवलंबिणे, नैसर्गिक न्यायाची पायमल्ली किंवा मूळचीच चूक होणे, आणि निष्कर्षास कसलाच आधार नसणे. पुढे १९७१ च्या डिसेंबरात औद्योगिक विवाद कायद्यात ११-अ हे कलम आले व शिक्षा भारी वाटल्यास ती हलकी करण्याचा अधिकार कामगार कोर्टांस मिळाला. त्याच सालच्या महाराष्ट्राच्या कायद्याने खोट्या कारणास्तव, सूडापोटी, चौकशीत घाई-गडबड करून किंवा किरकोळ चुकीस जबर शिक्षा देऊन माणूस काढणे ही ‘अनुचित कामगार प्रथा’ ठरविली. हे सारे चांगलेच झाले.

परंतु याला दुसरी बाजू आहे. चौकशी सदोष ठरली म्हणून धनी हरला असे होत नाही. कोर्टापुढे नव्याने पुरावा मांडून तीच बडतर्फी टिकविण्याची मुभा त्यास असते, हे १९७३ च्या फायरस्टोन टायर कंपनीच्या निकालाने पक्के केले. उच्च न्यायालय तर पुरावा फिरून तोलीत बसत नाही. निर्णयाची रीत बरोबर होती की नाही एवढेच बहुधा पाहते. हरियाणातील एका बस कंडक्टरच्या खटल्यात एकाही उतारूची साक्ष झाली नव्हती. तरी खातेचौकशीस पुराव्याच्या कायद्याचे काटेकोर नियम लागू नाहीत, थोडाबहुत विश्वासार्ह पुरावा असला म्हणजे पुरे, असे १९७७ साली सर्वोच्च न्यायालयाने म्हटले. आमच्या बारामती व इंदापूर आगारांतल्या वाहकांनी हे नीट ध्यानात ठेवावे. तात्पर्य, जी गोष्ट चौकशीच्या कागदावर चढली नाही, ती पुढे कोर्टात सांगून खरी करणे फार कठीण. आणि तो कागद कोण लिहितो हे वर सांगितलेच आहे.

आता निकालांचा लहरीपणा पाहा. कलर-केम नावाच्या कंपनीत रात्रपाळीचे काही कामगार यंत्र चालू असता झोपलेले आढळले. कंपनीने त्यांस काढले. चूक मोठी आहे, पण त्यासाठी कायमचे घरी बसविणे इतके बेसुमार की तो सूडच गणावा लागेल, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९८ साली ठरविले. दुसरा प्रसंग पुण्याजवळच्या भारत फोर्ज कारखान्याचा. २६ ऑगस्ट १९८३ रोजी दिवसा ११ वाजून ४० मिनिटांनी एक मदतनीस कामगार लोखंडी पत्र्यावर झोपलेला सापडला. पूर्वी तीनदा त्याचे दोष सिद्ध होऊन किरकोळ शिक्षा झाल्या होत्या. १९८४ च्या जानेवारीत त्यास बडतर्फ केले. कामगार न्यायालय म्हणाले, चौकशी ठीक पण शिक्षा जबर. औद्योगिक न्यायालय म्हणाले, शिक्षा योग्यच. उच्च न्यायालयात पारडे पुन्हा कामगाराकडे झुकले. शेवटी जानेवारी २००५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बडतर्फी कायम केली. एका झोपेस क्षमा, दुसरीस नाही. फरक मागल्या नोंदींचा. म्हणजे पूर्वी ज्या लहानसहान ‘ताकीद’ पत्रांवर आमची पोरे ‘जाऊ द्या, काय होते’ म्हणून डोळे झाकून सही करतात, तीच पत्रे वीस वर्षांनी त्यांच्या गळ्याशी येतात. त्या कामगाराची कड घेण्यासाठी आम्ही हे लिहीत नाही. भर दिवसा कामावर झोपणे वाईटच. पण १९८३ च्या एका डुलकीचा निवाडा होण्यास २००५ साल उजाडावे, ही झोप कोणाची म्हणावयाची?

हा काळ कोण सोसतो? खरी शिक्षा बडतर्फीच्या हुकुमात नसून तारखांत आहे. बारामतीहून पुणे शंभर किलोमीटरच्या घरात, इंदापूरहून त्याहून अधिक. एका तारखेस एक दिवसाची मजुरी बुडते, एस.टी.चे भाडे जाते, वकिलाच्या कारकुनास चहा पाजावा लागतो, आणि संध्याकाळी ‘पुढची तारीख’ एवढे दोन शब्द घेऊन माणूस घरी येतो. गळित हंगामावर घेतलेल्या कामगाराचे तर याहून वाईट. हंगाम सुरू झाला की त्याच्या जागी दुसरा उभा असतो. आणि ठेकेदाराकडच्या पोरास आरोपपत्र नाही, चौकशी नाही, हुकूमही नाही. ‘उद्यापासून येऊ नको’ हाच त्याचा खटला व हाच त्याचा निकाल. ज्याच्या हातात कागदच नाही तो कोर्टापुढे काय ठेवणार?

कोर्ट वेळेवर बोलले तर काय होते याचाही दाखला आहे. २०२१ च्या अखेरीस एस.टी. कामगारांचा संप सुरू झाला व हजारो कामगारांवर निलंबन-बडतर्फीची कुऱ्हाड कोसळली. एप्रिल २०२२ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने कामगारांस २२ एप्रिलपर्यंत कामावर हजर होण्यास सांगितले व महामंडळास त्यांना परत घेण्याची वाट घालून दिली. हजारो घरांच्या चुली पुन्हा पेटल्या. एकट्यादुकट्या कामगाराचे मात्र इतक्या लवकर कोण ऐकतो?

आम्ही शाळामास्तर, म्हणून आमच्या धंद्यातला एक निकाल येथे मुद्दाम सांगतो. औरंगाबाद, म्हणजे आताचे छत्रपती संभाजीनगर, येथील एका खासगी संस्थेने आपल्या शिक्षिकेस प्रथम निलंबित केले व २००७ साली काढून टाकले. शाळा न्यायाधिकरणाने २००९ साली ती बडतर्फी रद्द करून मागील सारा पगार देवविला. उच्च न्यायालयाने नोकरी ठेवली पण मागला पगार काढून घेतला. त्या बाई सर्वोच्च न्यायालयात गेल्या. १२ ऑगस्ट २०१३ रोजी त्या न्यायालयाने पगार परत देवविला, आणि सांगितले की बेकायदा काढलेल्यास परत घेताना मागील पगार देणे हाच सामान्य नियम होय. मधल्या काळात तो दुसरीकडे तेवढेच कमावीत होता असे धन्याचे म्हणणे असेल तर ते धन्याने सिद्ध करावे. आणि खटला लांबला त्याचा भुर्दंड गरिबावर घालू नये. हा निकाल चौकटीत लावून प्रत्येक कामगार संघटनेच्या कचेरीत टांगावा.

आता सर्वांत मोठी गोष्ट, जी आमच्या शेतकरी वाचकांनी नीट ऐकावी. सहकारी कारखाना कोणाचा? सभासदांचा, म्हणजे तुमचा. बडतर्फ कामगाराविरुद्ध पुण्या-मुंबईस जो वकील उभा राहतो, त्याची फी कोठून जाते? तुमच्या उसाच्या पैशातून. वीस वर्षांनी कारखाना हरला आणि मागील पगार व्याजासह द्यावा लागला, तर तो कोठून जातो? तुमच्याच उसाच्या पैशातून. आणि कामगाराचा वकील? तो कामगार तुमचाच मुलगा, पुतण्या किंवा जावई. त्याच्या वकिलासाठी तुम्हीच गाय विकता, तुम्हीच सोने गहाण ठेवता. दोन्ही बाजूंचे वकील एकाच बापाच्या घामावर पोसले जातात! ज्या साहेबाने रागाच्या भरात किंवा निवडणुकीतल्या वैरापोटी हुकूम काढला, त्याच्या खिशातून मात्र एक कवडी जात नाही. उसाच्या दरात दहा रुपयांचा फरक पडला तर आपण वार्षिक सभेत आरडाओरडा करतो. पण कोर्टकचेरीवर किती खर्च झाला हे विचारण्यास एकही हात वर होत नाही. काय ही आमची बेफिकिरी!

काही शहाणे म्हणतील, ‘मास्तर, असे लिहून तुम्ही कामचुकारांस डोक्यावर बसविता, शिस्त नसेल तर कारखाना बुडेल.’ त्यांस आमचे उत्तर असे: चोरास, दारू पिऊन यंत्रावर येणाऱ्यास, काट्यावर शेतकऱ्याचे वजन मारणाऱ्यास जरूर काढा, आम्ही त्याच्या दारातही उभे राहणार नाही. कारण त्याने प्रथम शेतकऱ्याचेच पोट कापलेले असते. परंतु ज्या चौकशीत खरा चोर सापडतो, तीच चौकशी नीट झाली नाही म्हणून तो कोर्टातून हसत परत येतो, आणि ज्या खरे बोलणाऱ्या माणसास खोट्या आरोपात गुंतविले तो खेटे घालून झिजतो. निःपक्ष चौकशी ही शिस्तीची शत्रू नसून तिचा खांब आहे.

उपाय नाही असे नाही. खासगी शाळांच्या नोकरांसाठी १९७७ चा कायदा व १९८१ चे नियम झाले, त्यांत चौकशी समिती तिघांची ठेविली आहे: एक संस्थेचा, एक खुद्द नोकराने निवडलेला, व तिसरा राज्य वा राष्ट्रीय पुरस्कार मिळालेल्या शिक्षकांच्या यादीतला. तिसऱ्याची निवड संस्थाच करते हा तिच्यातला दोष आम्ही झाकीत नाही. तरीही आरोपी नोकराचा एक माणूस निवाड्याच्या पंक्तीत बसतो, ही केवढी गोष्ट! मास्तरास जे मिळते ते फिटरास का मिळू नये? सहकारी कारखान्यांनी कायद्याची वाट न पाहता आपल्या सभेच्या ठरावाने अशी तिघांची समिती करावी. एक कारखान्याचा, एक कामगाराचा, एक दोघांस मान्य असा बाहेरचा. दुसरे, कामगार न्यायालयाने महिन्यातून काही दिवस बारामतीस बसावे, अशी मागणी दोन्ही तालुक्यांतील ग्रामपंचायतींनी करावी. तिसरे, किती कामगार काढले, किती खटले चालू आहेत, वकिलांवर किती गेले, हरलो तेव्हा किती भरले, हा हिशेब वार्षिक अहवालात छापावा.

कामगार बंधूंनीही आपले घर सावरले पाहिजे. वाचल्याशिवाय सही करू नका. कागद घ्यावाच लागला तर ‘प्रत मिळाली, मजकूर मान्य नाही’ असे लिहून तारीख घाला. खुलासा तोंडी देऊ नका. लेखी द्या व पोच घ्या. आरोपपत्र इंग्रजीत आले तर मराठीत मागा, व मागितल्याचा अर्ज जपून ठेवा. रागाने घरी बसून चौकशी एकतर्फी होऊ देऊ नका. जा, आपला माणूस बरोबर मागा, साक्षीदारास उलट प्रश्न विचारा, नकार मिळाला तर तो नकार नोंदवून घ्या. निलंबनात पहिले ९० दिवस अर्धा पगार व त्यानंतर, उशीर तुमच्यामुळे झालेला नसेल तर, पाऊण पगार हा निर्वाहभत्ता होय. तो हक्क आहे, भीक नव्हे. मुदत मोजा. १९७१ च्या कायद्यात तक्रारीस ९० दिवसच ठेविले होते. औद्योगिक विवाद कायद्यात बडतर्फास थेट दाद मागण्यास तीन वर्षे होती. २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या औद्योगिक संबंध संहितेने ती दोन केली आहेत. ‘साहेबांना भेटतो, पुढारी बोलले आहेत’ असे म्हणत वर्ष घालविणारे किती तरी आम्ही पाहिले. पुढारी बोलत राहतात व मुदत निघून जाते.

त्याच नव्या संहितेची आणखी एक गोष्ट डोळे उघडून वाचावी. बाबासाहेब आंबेडकर व्हाइसरॉयच्या मंडळात मजूर खात्याचे सभासद असता १९४६ साली स्थायी आदेशांचा कायदा झाला; कोणती चूक, कोणती शिक्षा, कोणती रीत, हे धन्याने आधी लिहून ठेविलेच पाहिजे असे त्याने बांधून दिले. त्या केंद्रीय कायद्यात १०० कामगारांचा आकडा होता. नव्या संहितेत स्थायी आदेशांचे प्रकरण ३०० कामगारांच्या कारखान्यांस लागू होते. चौकशी निलंबनापासून साधारणतः ९० दिवसांत पुरी करावी असे त्यात म्हटले आहे, हे ठीक. पण औद्योगिक वसाहतीतल्या चाळीस-पन्नास माणसांच्या शेडमध्ये, जेथे आमची बहुतेक पोरे राबतात, तेथे ही रीत कोण पाळणार?

नारायण मेघाजी लोखंडे हे सत्यशोधक समाजाचे कार्यकर्ते. १८८४ साली त्यांनी मुंबईच्या गिरणी कामगारांस संघटित केले व १८९० साली रविवारची सुटी मिळविली. त्यांचे गिरणीमालक परके होते, म्हणून त्यांस भांडणे सोपे गेले असे नव्हे. अन्याय लिहून, छापून, चारचौघांत मांडण्याची त्यांस लाज वाटली नाही म्हणून ते जिंकले. आज आपल्या कारखान्याचा धनी आपल्या पंक्तीस जेवणारा आहे. त्याच्याविरुद्ध बोलणे जड जाते हे खरे. तरीही येत्या वार्षिक सभेत उसाचा दर विचारून झाला की एका सभासदाने उठावे आणि विचारावे: ‘यंदा किती माणसे काढली, त्यांची चौकशी कोणी केली, आणि आमच्या उसाचे किती पैसे आमच्याच लेकरांविरुद्ध वकिलांस दिले?’ उत्तर मिळेपर्यंत खाली बसू नये.